पडद्यावरच्या लता करे

खेळाडूच्या जीवनावर चित्रपट काढायचा, तर भूमिका नटाकडे जाते. पॅरालिम्पिक सुवर्णविजेते मुरलीकांत पेटकर यांची भूमिका ‘चंदू चॅम्पियन’मध्ये (२०२४) कार्तिक आर्यनने केली. सुनील गावसकर ‘सावली प्रेमाची’ (१९८०) या मराठी चित्रपटात नायक झाले खरे, पण ते कथानक त्यांचे नव्हते. खेळाडूने स्वतःचीच भूमिका करणे विरळाच. ‘द ग्रेटेस्ट’मध्ये (१९७७) मुष्टियोद्धा महंमद अली यांनी ती केली होती. मराठीत हा मान बारामतीच्या धावपटू लता भगवान करे यांच्याकडे जातो.

मूळच्या बुलढाणा जिल्ह्यातील हे कुटुंब पोटासाठी बारामती तालुक्यात आले. बारामती-इंदापूरचा पट्टा ऊस व साखर कारखान्यांचा. करे कुटुंबाच्या वाट्याला मात्र मोलमजुरीच आली. पती भगवान करे आजारी पडले आणि डॉक्टरांनी एमआरआय तपासणी सांगितली. पैसे नव्हते. बारामतीच्या मॅरेथॉनमध्ये ज्येष्ठांच्या तीन किलोमीटरच्या शर्यतीला ५,००० रुपयांचे बक्षीस आहे, असे कळताच साठी ओलांडलेल्या लताबाई नऊवारी नेसून, अनवाणी धावल्या आणि पहिल्या आल्या. सरावाचा किंवा प्रशिक्षकाचा प्रश्नच नव्हता. पुढील वर्षांतही त्या या स्पर्धेत उतरल्या.

ही हकिकत वृत्तपत्रांतून हैदराबादकडील दिग्दर्शक नवीन देशबोईना यांच्यापर्यंत पोहोचली. ‘लता भगवान करे’ हा त्यांचा मराठी चित्रपट १७ जानेवारी २०२० रोजी प्रदर्शित झाला. त्यात लताबाई, त्यांचे पती आणि मुलगा सुनील यांनी आपापल्याच भूमिका केल्या. म्हणजे एकदा गरजेपोटी धावलेली शर्यत लताबाईंना कॅमेऱ्यासमोर पुन्हा धावावी लागली. याला माहितीपट म्हणण्याचा मोह होतो, पण तो कथापटच आहे. केवळ त्यातील माणसे खरी आहेत. सराईत अभिनयाची अपेक्षा ठेवणाऱ्याला काही प्रसंग ओबडधोबड वाटतील. धावण्याचे मात्र तसे नाही.

२२ मार्च २०२१ रोजी जाहीर झालेल्या ६७व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत लताबाईंचा विशेष उल्लेख झाला. त्याच यादीत अभिजित वारंग यांच्या ‘पिकासो’लाही हा सन्मान मिळाला. ज्यांच्या उपचारासाठी ही धाव होती, ते भगवान करे त्यानंतर थोड्याच दिवसांत, मे २०२१मध्ये, कोरोनाने निवर्तले.