नभोवाणीचे तबक



भिवंडीत ज्यांचे बालपण गेले त्यांच्या कानांना शांततेची ओळख उशिरा होते. यंत्रमाग दिवसा चालत आणि रात्रीही चालत. त्यांचा खडखडाट इतका अंगवळणी पडलेला असे की, वीज जाऊन माग थांबले म्हणजेच आम्ही दचकून जागे होत असू. अशा त्या गावी आमच्या आळीत रेडिओ एकच होता, आणि तो शेजारच्या मागवाल्या शेटजींचा. पाळी संपवून आलेले कामगार संध्याकाळी त्यांच्या ओट्यापाशी घुटमळत. त्यांतले पुष्कळसे उत्तरेकडचे, आझमगढ-अलाहाबादच्या बाजूचे. त्यांच्यापैकी एका वृद्ध विणकराने एकदा विचारले, "शेटजी, ह्या पेटीतून आमच्या गावचा निरोप येतो काय?" शेटजी हसले, आणि त्यांना हसताना पाहून आम्ही मुलेही हसलो. निरोप टपालाने येतो व पेटीतून गाणी आणि बातम्या येतात, एवढे ज्ञान आम्हांलाही होते.

त्या प्रश्नात हसण्यासारखे काही नव्हते, हे मला पुष्कळ वर्षांनी उमगले. पृथ्वीच्या एका टोकाला त्याच काळी पेटीतून खरोखरच निरोप येत होते. आणि ते पोहोचविणारी संस्था सरकारी नव्हती, व्यापारीही नव्हती. ती ख्रिस्ती मंडळींनी देणग्यांवर चालविलेली लहानशी नभोवाणी होती. तिची हकीकत आज सांगावयाची आहे.

अमेरिकेच्या वायव्य कोपऱ्यात, अलास्काच्या पश्चिम किनाऱ्यावर नोम नावाचे गाव आहे. लोकवस्ती सुमारे साडेतीन हजार. १८९९ च्या सुमारास तेथील वाळूत सोने सापडले आणि गाव उभे राहिले. सोने सरले तरी गाव राहिले. उर्वरित अलास्काशी त्याला जोडणारी सडक नाही. हिवाळ्यात समुद्र गोठतो आणि जहाजे बंद होतात. आसपासच्या वस्त्यांतून इनुपियाक व यूपिक लोक राहतात, मासेमारी व शिकार करतात. पलीकडे सायबेरिया, बेरिंगची सामुद्रधुनी जेथे सर्वांत अरुंद आहे तेथे दोन्ही खंडांत पन्नास-पंचावन्न मैलांचेच अंतर. जानेवारी १९२५ मध्ये ह्या गावात घटसर्पाची साथ आली, तेव्हा डॉक्टरांनी तारायंत्राने मदत मागितली. प्रतिविष आले ते नेनाना येथून ६७४ मैल बर्फावरून, वीस गाडीवानांनी आळीपाळीने हाकलेल्या कुत्र्यांच्या गाड्यांतून, साडेपाच दिवसांत. कुत्र्यांचे कौतुक जगभर झाले, आणि ते योग्यच होते. परंतु ती तार नसती तर गाड्या निघाल्याच नसत्या, ही गोष्ट कौतुकाच्या भरात मागे पडते. एकाकी वस्तीची पहिली गरज आपली हाक दुसऱ्याच्या कानी पडावी ही असते, औषध त्यानंतरचे.

ह्या किनाऱ्यावर स्वीडिश कव्हेनंट मंडळीचे मिशनरी १८८७ पासून काम करीत होते. त्याच परंपरेतील चर्चने १७ एप्रिल १९६० रोजी, ईस्टरच्या रविवारी, नोम येथे नभोवाणीकेंद्र सुरू केले. अमेरिकेत प्रत्येक केंद्रास अक्षरांचे नाव असते. ह्याचे नाव के-आय-सी-वाय. त्यातील शेवटच्या तीन अक्षरांचा इंग्रजीत 'बर्फाळ' असा अर्थ होतो. नाव ठेवणारांना विनोदाचे वावडे नसावे. प्रार्थना, प्रवचने व भजने तेथून जातच. पण लोकांच्या जिवाभावाचा झाला तो निरोपांचा कार्यक्रम. टार्मिगन हा बर्फाच्या प्रदेशातील पांढरा पक्षी. त्याच्या नावाने ह्या कार्यक्रमास 'टार्मिगन टेलिग्राफ' म्हणत. कोणाचे विमान हवामानामुळे निघाले नाही, कोणाची आई इस्पितळात बरी आहे, कोणी तेल घेऊन परतावे, अशा जातीचे साधे घरगुती निरोप नाव घेऊन वाचले जात आणि ज्यांच्या घरी टेलिफोन नाही ते कान देऊन ऐकत. पुढे ह्या केंद्राची शक्ती ५० हजार वॅटपर्यंत वाढली आणि रात्री उशिरा ते सामुद्रधुनीपलीकडील लोकांसाठी रशियन भाषेतून बोलू लागले.

१४ जुलै १९७१ रोजी त्याच गावात रोमन कॅथलिक मंडळींचे के-एन-ओ-एम हे केंद्र निघाले. एवढ्याशा गावात दोन ख्रिस्ती केंद्रे! त्याआधी १९६७ साली फेअरबँक्सनजीक 'नॉर्थ पोल' ह्या मजेदार नावाच्या गावी के-जे-एन-पी हे केंद्र लाकडी ओंडक्यांच्या घरांतून सुरू झाले होते. तेथील निरोपांच्या कार्यक्रमाचे नाव 'ट्रॅपलाइन चॅटर', म्हणजे अरण्यात सापळे लावीत हिंडणाऱ्यांच्या गप्पा. ह्या केंद्रांतून बऱ्याच कामाची भिस्त स्वयंसेवकांवर असे. दूरच्या गावांतून तरुण मुले-मुली येत आणि राहण्या-जेवणाच्या सोयीवर व थोड्या हातखर्चावर वर्ष-दोन वर्षे निवेदन करीत.

हे सर्व चालते कशावर, हा प्रश्न आपल्याकडील कीर्तन ऐकलेल्या माणसाला तरी नवा वाटू नये. उत्तररंग संपतो, आरती होते, तबक फिरते. ज्याच्या मनाला येईल तो त्यात काही टाकतो, आणि ज्याच्यापाशी काही नाही तोही अबीर-बुक्का लावून घेऊन तितक्याच हक्काने घरी जातो. ऐकणे सर्वांचे, देणे ज्याच्या-त्याच्या ऐपतीचे. आपल्याच प्रांतातील ख्रिस्ती कवी नारायण वामन टिळक ह्यांनी ही रीत ओळखली होती. लहानपणी ते कल्याणास, म्हणजे आमच्या भिवंडीच्या शेजारीच, शिकत होते. १८९५ साली त्यांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला आणि ख्रिस्ताची कथा कीर्तनाच्या घाटात बसवून गावोगाव सांगितली. १९१७ साली त्यांनी अमेरिकन मराठी मिशनचा पगार सोडला व 'देवाचा दरबार' मांडला. परक्या देशातून आलेल्या पैशावर आपल्या लोकांशी बोलणे त्यांना अवघड वाटू लागले होते. दोन वर्षांनी, १९१९ साली, ते वारले. त्यांच्या आयुष्यात आपल्याकडे नभोवाणी आलीच नाही. ती आली असती तर ह्या कीर्तनकाराने तिचे काय केले असते, असा विचार माझ्या मनात पुष्कळदा येतो.

आपल्याकडे ती आली तीही श्रोत्यांच्याच पैशाच्या भरवशावर. २३ जुलै १९२७ रोजी व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन ह्यांच्या हस्ते इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनीच्या मुंबई केंद्राचे उद्घाटन झाले. यंत्राची शक्ती दीड किलोवॅट, आवाजाचा पल्ला सुमारे तीस मैल. मुंबईच्या ईशान्येस जवळजवळ तेवढ्याच अंतरावर असलेली भिवंडी त्या वर्तुळाच्या काठावर बसली होती. कंपनीचे उत्पन्न मुख्यतः दोन वाटांनी यावयाचे: प्रत्येक यंत्रामागे वर्षास दहा रुपये परवान्याचे, त्यांतून कंपनीचा हिस्सा, आणि परदेशातून येणाऱ्या यंत्रांवरील कर. हिशेब कागदावर ठीक होता. परंतु तीन वर्षांनंतरही साऱ्या हिंदुस्थानात परवाने आठ हजारांच्या आतच राहिले. यंत्रे महाग, आणि परवान्यावाचून ऐकणारेही कमी नव्हते. १ मार्च १९३० रोजी कंपनीचे दिवाळे निघाले आणि एप्रिलपासून कारभार सरकारने हाती घेतला. १९३१ च्या ऑक्टोबरात सरकारनेही हात टेकून केंद्रे बंद करण्याचे ठरविले होते. नोव्हेंबरात तो विचार फिरला. ८ जून १९३६ रोजी 'ऑल इंडिया रेडिओ' हे नाव आले.

लोक पैसे देत नाहीत म्हणून कंपनी बुडाली, असे इतिहासात सांगतात. मला हे अर्धेच खरे वाटते. श्रोत्याने दहा रुपये भरावे आणि त्याला त्याच्या गावचे, त्याच्या आळीचे एक अक्षरही ऐकू येऊ नये, अशा स्थितीत त्याने ती रक्कम आपलेपणाने का भरावी? तबकात पैसा पडतो तो बुवा समोर उभे असतात म्हणून, आणि शेजारी आपल्याच ओळखीची माणसे बसलेली असतात म्हणून.

आपलेपणाचे दोन छोटे प्रयत्न त्या काळी उत्तर हिंदुस्थानात झाले, आणि दोन्ही ख्रिस्ती संस्थांचे होते. लाहोरच्या यंग मेन्स ख्रिश्चन असोसिएशनने १९२८ मध्ये सरकारी परवानगीने एक लहान प्रक्षेपणयंत्र चालविले. १६ डिसेंबर १९३७ रोजी लाहोरला सरकारचे मोठे केंद्र उघडले आणि त्या लहान यंत्राच्या आठवणीचे कारणही उरले नाही. दुसरा प्रयत्न अलाहाबादच्या कृषिसंस्थेचा. अमेरिकन मिशनरी सॅम हिगिनबॉटम ह्यांनी यमुनेच्या काठी नैनी येथे ती १९१० साली स्थापन केली. मिशनऱ्याने नांगर का धरावा, अशी कुरकूर त्यांच्याच लोकांत होती. परंतु भुकेल्या शेतकऱ्याला आधी चांगले बी द्यावे हा त्यांचा बाणा. ह्या संस्थेने १९३५ साली आसपासच्या खेड्यांसाठी नभोवाणी सुरू केली. आमच्या ओट्यापाशी उभा राहणारा विणकर त्याच मुलखाचा. शेटजींना विचारण्याआधी त्याने लहानपणी गावी एखादी बोलकी पेटी ऐकली होती की काय, हे विचारण्याचे आम्हां कोणाला सुचले नाही.

स्वातंत्र्यानंतर नभोवाणी सरकारचीच राहिली. आमच्या आळीतील शेटजी दर वर्षी परवान्याचे छोटे पुस्तक घेऊन टपालकचेरीत जात, पैसे भरीत आणि शिक्क्याचे पान सर्वांना दाखवीत. म्हणजे श्रोत्यांनी पैसे दिले नाहीत असे नाही. परवान्याची ही पद्धत १९८० नंतरच्या काही वर्षांत बंद होईपर्यंत लक्षावधी घरांनी ते दिले. पण त्या पैशाने श्रोता केंद्राचा मालक झाला नाही, भागीदारही झाला नाही.

ख्रिस्ती नभोवाणीचा विदेशी प्रवाह मात्र समुद्रावरून येत राहिला. एक्वादोर देशातील क्विटो शहरी २५ डिसेंबर १९३१ रोजी जगातील पहिले मोठे मिशनरी केंद्र सुरू झाले होते. त्याच जातीचे 'फेबा' हे केंद्र १९७० साली हिंदी महासागरातील सेशेल्स बेटांवर निघाले. त्याचे आकाशदीपासारखे उंच खांब किनाऱ्यालगतच्या प्रवाळांच्या खडकावर, पाण्यातच उभे होते. हिंदुस्थानच्या अनेक भाषांतून तेथून कार्यक्रम येत. मात्र खर्च सोसणारे भाविक मुख्यतः ब्रिटनमधले, आणि ऐकणारे दुसऱ्याच खंडातले. खर्च डोईजड झाल्यावर २००३ साली लघुलहरींवरचे ते प्रक्षेपण थांबले. ते थांबवावे की नाही, हे ठरविण्यात आपल्याकडील खेड्यातल्या श्रोत्याला काय विचारले जाणार?

येथे अलास्काच्या केंद्रांकडेही डोळसपणे पाहिले पाहिजे. 'श्रोत्यांच्या आधारावर चालणारे' असे त्यांना म्हणतात; परंतु के-एन-ओ-एमला ज्यांनी वर्षानुवर्षे पाच-दहा डॉलर टपालाने पाठविले त्यांतले बहुतेक हजारो मैल दूर राहणारे, ते केंद्र कधीही न ऐकलेले लोक. तबक एका मंदिरात फिरले आणि कीर्तन दुसऱ्याच गावी झाले. असे असूनही सेशेल्सचे जे झाले ते नोमचे झाले नाही. माझ्या मते ह्याचे कारण पैशात नाही. नोमचा निवेदक नोमच्याच थंडीत राहतो, दुकानात श्रोत्याच्याच मागे रांगेत उभा राहतो, आणि निरोपात चूक झाली तर दुसऱ्या दिवशी त्याला तोंड द्यावे लागते. पैसा बाहेरून आला. जबाब मात्र गावातच द्यावा लागला.

आपल्याकडे सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली नभोवाणीच्या लहरी ही सार्वजनिक मालमत्ता असल्याचा निर्वाळा दिला. २००२ साली शिक्षणसंस्थांना व २००६ पासून सेवाभावी संस्थांना लहान केंद्रे काढण्याची मुभा मिळाली. शक्ती १०० वॅट, पल्ला फार तर दहा-बारा किलोमीटर. स्वतःच्या बातम्या देण्यास बंदी. साताऱ्यातील म्हसवडची 'माणदेशी तरंग वाहिनी' ह्याच मुभेतून २००८ साली निघाली. अलाहाबादची ती जुनी कृषिसंस्थाही 'रेडिओ अदान' ह्या नावाने पुन्हा बोलू लागली. नैनीच्या आसपासच्या खेड्यांत तिचा आवाज पोहोचतो. भिवंडीच्या मागावर उभ्या असलेल्या त्या खेड्यांतल्या माणसापर्यंत तो पोहोचत नाही. तेवढ्या पल्ल्याचा परवाना तिला नाही.