सूर्याची उलटी उडी

आज आपण जिच्याबद्दल बोलणार आहोत तिचं नाव सूर्या. आपण मुलाला ठेवू असं नाव, पण मुलगी फ्रान्सची. सूर्या बोनाली, जन्म १९७३, नीस शहर. सुझान आणि जॉर्ज बोनाली यांनी तिला दत्तक घेतलं. सुझानबाई शारीरिक शिक्षणाच्या शिक्षिका. पुढे लेकीच्या प्रशिक्षकही त्याच झाल्या.

सूर्याचा खेळ फिगर स्केटिंग, म्हणजे बर्फावर पात्याचे बूट घालून उड्या, गिरक्या आणि नाच. १९९१ ते १९९५ अशी सलग पाच वर्षं ती युरोपची विजेती होती. जागतिक स्पर्धेत मात्र तीनदा रौप्यच. या खेळात तेव्हा दोन गुण मिळत: एक तंत्राचा, दुसरा सादरीकरणाचा. दुसरा गुण म्हणजे पंचांच्या नजरेचा कारभार! गोऱ्या, नाजूक परीची सवय झालेल्या त्या नजरेला ही काळी, दणकट मुलगी रुचली का? तिच्या सगळ्याच उड्या निर्दोष उतरत नसत, हेही खरं. पण आम्हाला तो प्रश्न रास्त वाटतो.

१९९४ साली जपानमध्ये युका सातो अगदी थोडक्यात जिंकली. सूर्या चौथऱ्यावर चढेना. कशीबशी चढवली, पदक गळ्यात घातलं, तर तिनं ते काढून टाकलं. डोळ्यांत पाणी, आणि प्रेक्षक हुर्यो करताहेत. जगानं टीव्हीवर पाहिलं ते एवढंच. रुसकी मुलगी!

तेच चित्रण पुढे माहितीपटांत आलं. २०१५ चा 'रेबेल ऑन आइस' हा लघुपट आणि २०१९ मध्ये नेटफ्लिक्सवर आलेल्या 'लूझर्स' मालिकेतला एक भाग. दृश्यं जुनीच, पण आता त्यांवर समालोचक बोलत नाही. चाळिशी ओलांडलेली सूर्या स्वतः बोलते. सगळा फरक इथंच पडतो. ते रडणं आपल्याला हट्ट वाटत नाही. मालिकेचं नाव मात्र 'हरलेले'! पाच वेळा युरोप जिंकलेल्या बाईला ते शोभतं का, तुम्हीच सांगा.

दोन्हींचा कळस १९९८ च्या नागानो ऑलिंपिकचा. पायाची जुनी दुखापत छळत होती, पदक हातचं गेलेलं. तेव्हा तिनं भर स्पर्धेत उलटी कोलांटउडी मारली आणि एका पायावर उतरली. अमेरिकेच्या टेरी क्युबिकानं १९७६ मध्ये ही उडी मारल्यावर तिच्यावर बंदी आली होती. सूर्याला हे ठाऊक होतं. गुण कापले गेले, दहावा नंबर आला.

२०२४ च्या जानेवारीत फ्रान्सच्याच आदम सियाओ हिम फा यानं युरोपीय स्पर्धेत तशीच उडी मारली. त्याचेही गुण कापले, तरी तो जिंकला. त्याच वर्षी बंदी उठली. हे दोन्ही माहितीपट त्याआधीचे, त्यामुळे त्यांत सूर्याची उडी अजून नियमबाह्यच आहे.