गेमचा मुक्काम : फ्लॉपीपासून लायब्ररी फोल्डरपर्यंत

कॉम्प्युटरवरचा गेम कोणत्या ड्राइव्हवर ठेवायचा, हा प्रश्न पडायला आधी एकापेक्षा जास्त जागा असाव्या लागतात. ऑगस्ट १९८१मध्ये बाजारात आलेल्या आयबीएम पीसीत हार्ड डिस्कच नव्हती. सव्वापाच इंची फ्लॉपीवर सुरुवातीला जेमतेम १६० केबी माहिती मावे आणि गेम त्या फ्लॉपीवरच राहत असे. १९८२चा मायक्रोसॉफ्ट फ्लाइट सिम्युलेटर तर डॉसलाही विचारत नसे. फ्लॉपी आत सरकवून यंत्र सुरू केले की थेट गेमच चालू होई. अशा फ्लॉपींवर बहुधा नक्कलविरोधी कुलूप असे, त्यामुळे त्यातला मजकूर दुसरीकडे उतरवून घेणेही जमत नसे.

ड्राइव्हला अक्षरे देण्याची पद्धत डॉसने गॅरी किल्डॉल यांच्या सीपी/एम या प्रणालीकडून उचलली. 'ए' आणि 'बी' ही अक्षरे दोन फ्लॉपी ड्राइव्हसाठी धरलेली होती. मार्च १९८३मध्ये आयबीएमचा पीसी एक्सटी १० एमबी हार्ड डिस्क घेऊन आला, तेव्हा तिच्या वाट्याला 'सी' आले. त्याच्याबरोबरच्या डॉस २.०मध्ये फोल्डरच्या आत फोल्डर करण्याची सोय झाली आणि गेमला स्वतःची खोली मिळाली. फ्लॉपी कधीच अडगळीत गेल्या, तरी आजही नव्या कोऱ्या विंडोज यंत्रातला पहिला ड्राइव्ह 'सी'च असतो.

गेम हार्ड डिस्कवर राहायला आले आणि पत्त्याची भानगड सुरू झाली. गेमचा इन्स्टॉलर आपण कुठे उतरलो ते एखाद्या फाइलमध्ये पूर्ण पत्त्यासह लिहून ठेवी. पत्ता बदलला की गेम अडे. त्यातच डॉस आणि विंडोज ९५ यांचा अक्षरे वाटण्याचा नियम विचित्र होता. आधी सगळ्या डिस्कच्या प्राथमिक पार्टिशनना, म्हणजे मुख्य भागांना, ओळीने अक्षरे मिळत, मग उरलेल्या पार्टिशनना आणि बहुधा शेवटी सीडी ड्राइव्हला. समजा, एका डिस्कचे 'सी' आणि 'डी' असे दोन भाग आहेत, गेम 'डी'वर आहेत आणि सीडी 'ई' आहे. दुसरी डिस्क नेहमीच्या पद्धतीने बसवली की 'डी' हे अक्षर ती घेई, जुना 'डी' होई 'ई' आणि सीडी सरके 'एफ'वर. एकही फाइल हललेली नसताना सगळ्या गेमचे पत्ते चुकत. जाणकार त्यावर उपाय म्हणून नव्या डिस्कवर प्राथमिक पार्टिशन करतच नसत, म्हणजे तिची अक्षरे रांगेत मागे लागत. विंडोज एनटी आणि पुढे विंडोज २०००ने अक्षरे लक्षात ठेवायला सुरुवात केली, तेव्हा कुठे हा खेळ थांबला.

सीडीने जागेचे गणितच उलटे केले. एका सीडीत ६५० एमबीच्या आसपास माहिती मावे आणि ती बहुतेकांच्या हार्ड डिस्कपेक्षा मोठी होती. 'द सेव्हन्थ गेस्ट' १९९३मध्ये दोन सीडींवर आला, तर १९९५चा 'फँटास्मागोरिया' सात सीडींवर. एवढा ऐवज डिस्कवर उतरवणे शक्यच नव्हते. म्हणून इन्स्टॉलर विचारू लागला : किमान, नेहमीचे की पूर्ण? किमान निवडले तर थोड्या फाइली डिस्कवर येत आणि बाकीचा गेम सीडीवरून वाचला जाई. एकच गेम दोन ड्राइव्हवर विभागून ठेवण्याचा हा पहिला सर्रास प्रकार म्हणता येईल. निर्णय मात्र खेळणाऱ्याच्या सोयीने होत नसे, डिस्कमध्ये उरलेल्या जागेने होई.

भारतात जोडून घेतलेल्या कॉम्प्युटरवर याच काळात एक रीत रुळली. दुकानदार डिस्कचे 'सी', 'डी', 'ई' असे भाग पाडूनच यंत्र देई. त्यामागे तांत्रिक कारणही होते. फॅट १६ या जुन्या रचनेत एक पार्टिशन २ जीबीपेक्षा मोठे करता येत नसे, त्यामुळे मोठ्या डिस्कची वाटणी अटळ होती. १९९६मध्ये आलेल्या फॅट ३२ने ती मर्यादा उठवली, तरी रीत टिकली, कारण तोवर तिला दुसरा उपयोग सापडला होता. विंडोज बिघडले की 'फॉरमॅट मारायचा' तो फक्त 'सी'ला. 'डी'मधले गेम आणि 'ई'मधली गाणी-सिनेमे शाबूत राहत. गेमच्या बाबतीत मात्र ही शाश्वती अर्धीच होती. विंडोज ९५पासून गेमच्या नोंदी रजिस्ट्रीत जाऊ लागल्या होत्या आणि रजिस्ट्री 'सी'वर असते. फॉरमॅटनंतर काही गेम फोल्डरमधून थेट सुरू होत, काही मात्र इन्स्टॉलच नाही असे सांगून बंद पडत. कोणता गेम कोणत्या जातीचा, हे अनुभवानेच कळे.

विंडोज २०००ने एनटीएफएस या फाइल रचनेत एक गुण आणला, तोच पुढे गेम एका ड्राइव्हवरून दुसरीकडे हलवण्याच्या व्यवहाराचा कणा ठरला. त्याचे नाव जंक्शन. जंक्शन बाहेरून साध्या फोल्डरसारखे दिसते, पण आत फाइली नसतात, फक्त दुसऱ्या जागेचा पत्ता असतो. एखाद्या प्रोग्रामने 'सी'वरचा तो फोल्डर उघडला की फाइल रचना त्याला परस्पर 'डी'वर नेते. प्रोग्रामला याचा पत्ताही लागत नाही. शॉर्टकटमध्ये आणि जंक्शनमध्ये फरक हाच : शॉर्टकट ही स्वतंत्र फाइल असते आणि गेम तिला ओळखत नाही, जंक्शन मात्र गेमच्या खालच्या थरात काम करते. सुरुवातीला जंक्शन करायला विंडोजसोबत सोपे साधन नव्हते. मार्क रुसिनोविच यांच्या सिसइंटर्नल्स संचातल्या 'जंक्शन' या छोट्या प्रोग्रामने ती उणीव भरली. व्हिस्टापासून 'एमकेलिंक' ही आज्ञा विंडोजमध्येच आली.

त्या युक्तीची खरी गरज लागली ती स्टीममुळे. व्हॉल्व्ह कंपनीने सप्टेंबर २००३मध्ये गेम इंटरनेटवरून पुरवणारे स्टीम सुरू केले आणि नोव्हेंबर २००४मध्ये 'हाफ-लाइफ २' खेळण्यासाठी ते सक्तीचे केले. स्टीमची शिस्त अशी, की जिथे स्टीम, तिथेच त्याचे सगळे गेम. दुकान 'सी'वर असेल तर मालही 'सी'वर. सुरुवातीला ते कोणाला फारसे खुपले नाही.

सप्टेंबर २००८मध्ये इंटेलची एक्स२५-एम ही ८० जीबीची एसएसडी सुमारे ६०० डॉलरला आली आणि चित्र पालटले. एसएसडीत फिरती चकती नाही आणि वाचणारा दांडा नाही, म्हणून विंडोज आणि गेम डोळ्यांदेखत लवकर उघडू लागले. पण ८० जीबीत विंडोज आणि मोजके गेम बसत. साहजिकच दोन ड्राइव्हचा संसार सुरू झाला : छोटी वेगवान एसएसडी आणि मोठी संथ हार्ड डिस्क. रोज खेळायचा गेम पहिलीवर, बाकीचे दुसरीवर. स्टीमला ही वाटणी मान्य नव्हती, तेव्हा लोकांनी जंक्शन कामाला लावले. पद्धत ठरलेली होती. स्टीम पूर्ण बंद करायचे. गेमचा फोल्डर 'डी'वर हलवायचा. कमांडची काळी खिडकी उघडून 'एमकेलिंक' लिहायचे, पुढे स्लॅश आणि 'जे', मग अवतरणचिन्हांत जुना पत्ता, मग नवा. क्रम उलटा झाला किंवा जुना फोल्डर हलवायचा राहून गेला, तर आज्ञा नकार देई. बरोबर झाले की स्टीमला गेम जागच्या जागी दिसे. हे काम एका क्लिकवर करणारे स्टीम मूव्हरसारखे फुकट प्रोग्रामही निघाले.

व्हॉल्व्हने २०१२मध्ये एकाहून अधिक लायब्ररी फोल्डरची सोय दिली. ग्राहकांनी वर्षानुवर्षे आडवाटेने केलेले काम कंपनीने दारातून आत घेतले, असेच म्हणावे लागेल. प्रत्येक ड्राइव्हवर 'स्टीमअ‍ॅप्स' नावाचा फोल्डर, त्यात 'कॉमन' आणि 'कॉमन'मध्ये गेम, अशी मांडणी झाली. प्रत्येक गेमसाठी शेजारी एक छोटी मजकूर-फाइल असते आणि तिच्या नावात गेमचा क्रमांक असतो. 'हाफ-लाइफ २'चा क्रमांक २२० आहे. गेमचे नाव आणि त्याच्या फोल्डरचे नाव त्या फाइलमध्ये असते, पण गेम कोणत्या ड्राइव्हवर आहे त्याचे अक्षर नसते. या मांडणीतली हुशारी इथेच आहे. डिस्क दुसऱ्या यंत्राला लावली, अक्षर बदलले, तरी तो फोल्डर लायब्ररी म्हणून दाखवला की स्टीम गेम ओळखते. मित्राच्या डिस्कवरून गेमचा फोल्डर उतरवून घ्यायचा आणि स्टीमकडून फाइली तपासून घ्यायच्या, म्हणजे पुन्हा सगळे डाउनलोड करावे लागत नाही. महिन्याला मोजून डेटा मिळण्याच्या काळात भारतातल्या खेळाडूंना ही सोय फार मोलाची होती. पुढे एका लायब्ररीतून दुसरीत गेम हलवण्याचे बटणही आले आणि जून २०२१मध्ये सगळे ड्राइव्ह एका पडद्यावर दाखवणारा स्टोरेज विभाग मिळाला.

इतर दुकानांची चाल वेगवेगळी राहिली. गॉगचे गेम स्वतंत्र इन्स्टॉलरने येतात, त्यामुळे तिथे हा प्रश्न फारसा उद्भवलाच नाही. डिसेंबर २०१८मध्ये उघडलेल्या एपिकच्या दुकानात गेम हलवायची युक्ती अशी होती : फोल्डरची नक्कल बाजूला ठेवा, गेम काढून टाका, नव्या जागी डाउनलोड सुरू करून लगेच थांबवा, नक्कल तिथे टाका आणि पुन्हा सुरू करा. मायक्रोसॉफ्टने आपल्या स्टोअरचे गेम 'विंडोजअ‍ॅप्स' या कुलूपबंद फोल्डरात ठेवले होते. यंत्राच्या मालकालाही त्यात सहज डोकावता येत नसे. हा हट्ट कंपनीने २०२१च्या सुमारास सोडला आणि 'एक्सबॉक्सगेम्स' हा उघडा फोल्डर दिला.

दरम्यान गेम फुगत गेले, आणि त्यात प्रोसेसरचा आणि ड्राइव्हचाही हात होता. २०१४च्या 'टायटनफॉल'ने ४८ जीबी घेतले. त्यातले सुमारे ३५ जीबी होते न दाबलेले आवाज, कारण कमकुवत प्रोसेसरला ते खेळताना उलगडण्याचा भार नको. हार्ड डिस्कचा दांडा एका जागेहून दुसरीकडे जायला वेळ घेतो, म्हणून काही गेम तीच माहिती अनेक ठिकाणी पुन्हा पुन्हा ठेवतात. 'हेलडायव्हर्स २' याच कारणाने १५० जीबीपर्यंत गेला होता. २०२५अखेर त्याच्या निर्मात्यांनी दुबार माहिती काढून टाकली आणि तोच गेम सुमारे २३ जीबीत मावला. हार्ड डिस्कवर त्याचा उघडण्याचा वेळ फारसा वाढलाही नाही. वेळ जात होता तो मुख्यतः नकाशा घडवण्यात.

गेम हलवला तरी त्याचे सगळेच सामान हलत नाही. खेळाची प्रगती बहुधा 'डॉक्युमेंट्स' किंवा 'अ‍ॅपडेटा' फोल्डरात, म्हणजे 'सी'वरच राहते. २०२२मध्ये आलेल्या स्टीम डेक या व्हॉल्व्हच्या हातात धरून खेळायच्या यंत्रावर हीच गोष्ट नव्या रूपात दिसली. गेम मायक्रोएसडी कार्डवर टाकला, तरी शेडर कॅश (चित्रे रेखाटण्यासाठी आधीच तयार ठेवलेल्या फाइली) आणि विंडोजचे गेम चालवण्यासाठी लागणाऱ्या प्रोटॉनच्या फाइली आतल्या स्टोरेजमध्ये जमा होत. ६४ जीबीच्या डेकमध्ये त्यांनी जागा अडवली, तेव्हा लोकांनी तेही फोल्डर कार्डावर हलवले आणि मूळ जागी लिनक्सची सिम्बॉलिक लिंक ठेवली.