भुताशी कुस्ती

1985 साली हाँगकाँगमध्ये ‘मिस्टर व्हॅम्पायर’ लागला आणि हात पुढे ताणून दोन्ही पायांनी टुणटुण उड्या मारत येणारी प्रेतं आशियाभर गाजली. कपाळावर मंतरलेला पिवळा कागद आहे तोवर प्रेत गप्प. कागद निघाला की हाणामारी. या भूत-कुंगफूपटांची वाट सॅमो हंगने 1980 सालीच पाडली होती. तो काय आणि पडद्यावरचा मांत्रिक लाम चिंगयिंग काय, दोघेही लहानपणी पेकिंग ऑपेराच्या शाळेत घातलेले. तिथे कोलांटी, गाणं, तलवार आणि भूत एकाच रंगमंचावर नांदत.

आपल्याकडे भूत आणि कुस्तीची ही सोयरीक मारुतीने जुळवली. घनसावंगी तालुक्यातल्या जांबला, म्हणजे आजच्या जालना जिल्ह्यात, 1608 साली सूर्याजीपंत ठोसरांच्या घरी नारायण जन्मला. तेच समर्थ रामदास. नाशिकजवळ टाकळीला त्यांनी बारा वर्षं तप केलं आणि रोज बाराशे सूर्यनमस्कार घातले, असं परंपरा सांगते. पुढे सातारा, सांगली, कोल्हापूर भागात त्यांनी अकरा मारुती बसवले. त्यांच्या भीमरूपी स्तोत्रातला मारुती बलदंड आहे, आणि फलश्रुतीत सगळ्यात आधी पळतात ती भुतं. दुखणी त्यांच्या मागून. म्हणून तालमीत शड्डू ठोकण्याआधी पहिलवान ज्याला नमस्कार करतो, त्याचंच नाव रात्री ओढ्याकाठून जाणारा पोरगा पुटपुटतो.

वेशीवर बसून बाहेरची बाधा अडवणं हे मारुतीचं काम समर्थांच्याही आधीचं. तालीम आणि मारुती यांची गाठ त्यांनीच मारली असं सरसकट म्हणतात, ते मला थोडं सढळ वाटतं. पण बळ आणि भीती एकाच स्तोत्रात बसवून घरोघरी पाठ करवून घेतली, ती त्यांनीच. भुताने कुस्तीला बोलावल्याच्या गोष्टीही गावाकडे मुबलक. चीत केलंस तर ते तुझा गडी म्हणून राबणार. हरलास तर गोष्ट सांगायला तू नाहीस.

मराठी सिनेमाने मात्र भूत बाहेरून आणलं. ‘झपाटलेला’ची (1993) कल्पना हॉलिवूडच्या ‘चाइल्ड्स प्ले’वरून आली. रामदास पाध्यांनी घडवलेला बाहुला झकास, त्यात शिरलेल्या तात्या विंचूचा दराराही अस्सल मराठी. पण त्याला मारायचं ते भ्रूमध्यात गोळी घालून. हातघाईची कुस्ती नाही, डाव नाही, धोबीपछाड नाही. एखाद्या दिग्दर्शकाने आता लंगोट कसलेला पहिलवान अमावस्येच्या रात्री आखाड्यात उतरवावा. तिकीट काढून बघू.