फाटकाजवळचं घर

कल्याण-डोंबिवलीच्या माणसाला रेल्वेचं फाटक समजावून सांगण्याची गरज नाही. १८५३ साली आगगाडी ठाण्यापर्यंत आली, १८५४ साली ती कल्याणला पोचली आणि तेव्हापासून फाटकाशी खोळंबणं आपल्या नशिबी आलं.

१९३६ सालच्या ‘अछूत कन्या’ या बोलपटाची कथाही अशाच एका फाटकाभोवती फिरते. फाटकवाल्याची अस्पृश्य मुलगी कस्तुरी आणि ब्राह्मण दुकानदाराचा मुलगा प्रताप यांची ती शोकांतिका. देविकाराणी आणि अशोककुमार सर्वांना आठवतात. पण त्यांच्या पाठीमागचं गाव कोणी रचलं, असं विचारलं तर जाणकारही क्षणभर गप्प बसतात.

ते काम कार्ल फॉन श्प्रेती या जर्मन तरुणाचं. १९०७ सालचा त्याचा जन्म, शिक्षण वास्तुकलेचं. हिमांशु राय यांनी १९३४ साली मालाडला बॉम्बे टॉकीज स्थापन केली, तेव्हा दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन, छायाचित्रकार योझेफ विर्शिंग अशी जर्मन मंडळी त्यांनी जमवली होती. श्प्रेती त्यांच्यातलाच.

नेपथ्यकाराचं काम म्हणजे नुसती भिंत उभी करणं नव्हे. भिंत कॅमेऱ्याला वाट देणारी हवी, दिव्यांचा उजेड झेलणारी हवी, आणि मुख्य म्हणजे कथेतलं बोलणारी हवी. निरंजन पाल यांच्या या कथेत दोन घरांमधलं अंतर पावलांनी मोजायचं नसतं, जातीनं मोजायचं असतं. तिऱ्हाईत माणसाला हे कसं उमगलं असेल? मला वाटतं, एकट्याला उमगलं नसावं. आराखडा त्याचा, पण चूल कुठे मांडतात, ओसरीवर कोण बसतं आणि अंगणात कोण थबकतं, हे ज्ञान इथल्या सुतार-रंगाऱ्यांचं. त्यांची नावं तर कुठेच नाहीत.

त्याच वर्षी आपल्या प्रभातनं ‘संत तुकाराम’ काढला. त्यातलं देहू साहेबमामा फत्तेलाल यांच्या नजरेतून उतरलेलं. कोल्हापुरात बाबूराव पेंटरांच्या हाताखाली घडलेला हा कलावंत आतून पाहत होता, श्प्रेती बाहेरून. दोघांनाही आपलं खेडं खरं दिसावं, हाच ध्यास होता.

पुढे १९३९ साली महायुद्ध पेटलं. ऑस्टेन आणि विर्शिंग स्थानबद्ध झाले. श्प्रेती त्याआधीच मायदेशी परतला होता. तो पुढे पश्चिम जर्मनीच्या संसदेत गेला, नंतर राजदूत झाला. १९७० साली ग्वातेमालात बंडखोरांनी त्याचं अपहरण केलं आणि ५ एप्रिलला त्याचा खून झाला. जगानं त्याला त्या बातमीपुरतं ओळखलं.

नेपथ्य चित्रीकरण संपताच मोडतात. लाकूड दुसऱ्या घराला लागतं. उरते ती फक्त फीत. तेव्हा पुढच्या खेपेला जुना बोलपट पाहाल, तर नायिकेच्या खांद्यावरून जरा मागे पाहा. त्या भिंतीलाही कुणाचे तरी हात लागलेले आहेत.