निळं रॉकेल कुणाच्या घरात जळलं?

इंधन अनुदानावरचं काहीही वाचायला घेतलं की एक वाक्य हमखास भेटतं: अनुदानाचा जास्त फायदा सुखवस्तू घरांना होतो. पेट्रोलच्या बाबतीत ते पटण्यासारखं आहे. ज्याच्या दारात गाडी, त्याला अनुदान. रेशनच्या रॉकेलला मात्र हे वाक्य जसंच्या तसं लावू नका.

कागदोपत्री रॉकेल म्हणजे गरिबाच्या स्वयंपाकाचं इंधन. महाराष्ट्रात रेशनकार्डावर गॅसचा शिक्का बसला की रॉकेलचा कोटा कमी व्हायचा, नाहीतर बंदच. म्हणजे सरकारी हिशेबात एक तर गॅस, नाहीतर स्टोव्ह. आता २०११ ची जनगणना उघडा. ग्रामीण भारतात रॉकेलवर स्वयंपाक करणारी घरं ०.७ टक्के, आणि रॉकेलवर उजेड करणारी ४३.२ टक्के! खेड्यात स्वयंपाक लाकूड-गोवऱ्यांवरच व्हायचा. रॉकेल जायचं कंदिलात आणि चिमणीत. स्टोव्ह खरा शहरातल्या चाळी-झोपडपट्ट्यांतला. तेव्हा भाव वाढला की खेड्यातल्या घराला चटका चुलीपाशी नाही, दिव्यापाशी बसायचा.

बरं, हा ४३.२ चा आकडाही कमीच म्हणायला हवा. जनगणना उजेडाचं ‘मुख्य’ साधन विचारते. घरात मीटर आहे, पण लोडशेडिंगमुळे संध्याकाळी कंदीलच लागतो, असं घर ‘वीज’ या रकान्यात जातं. त्याचं रॉकेल दिसतच नाही.

दुसरा प्रश्न गळतीचा. ती मोजायची कशी? एका बाजूला राज्याला मिळालेला कोटा, दुसऱ्या बाजूला राष्ट्रीय नमुना पाहणीत कुटुंबांनी सांगितलेला वापर (तिथे रेशनचं आणि बाहेरचं रॉकेल वेगळं नोंदवतात). मधली तफावत म्हणजे ढोबळ गळती. २००५ च्या एनसीएईआरच्या अभ्यासात रेशनचं सुमारे ३८ टक्के रॉकेल भलतीकडे वळत असल्याचं आढळलं. कारण सरळ होतं. २०११ च्या सुरुवातीला दिल्लीत रेशनचं रॉकेल लिटरला १२-१३ रुपये आणि डिझेल ३७-३८. ओळखू यावं म्हणून रॉकेलला निळा रंग दिला, पण एवढ्या फरकापुढे रंग काय करणार? ते टँकरमधून डिझेलमध्ये जायचं. २५ जानेवारी २०११ ला मनमाडजवळ हीच भेसळ पकडायला गेलेले मालेगावचे अपर जिल्हाधिकारी यशवंत सोनवणे यांना जिवंत जाळण्यात आलं. अहवालातली ‘गळती’ हा शब्द मला तेव्हापासून फार सौम्य वाटतो.

शेवट मात्र गाजावाजा न होता झाला. २०१६ पासून रॉकेलचा भाव २५-२५ पैशांनी चढत गेला आणि २०२० पर्यंत केंद्राचं अनुदान शून्यावर आलं. त्याच काळात उज्ज्वलाचा गॅस (२०१६) आणि सौभाग्यची वीज (२०१७) आली. श्रेय बहुतेक जण गॅसला देतात. वरचे आकडे पाहता मला विजेचा वाटा मोठा वाटतो, निदान खेड्यांपुरता.

हे तपासायचं तर सरासरीवर थांबू नका. एक तालुका घ्या. पुरवठा शाखेतले रॉकेल वाटपाचे जुने तक्ते आणि वीज जोडण्यांची वर्षवार आकडेवारी शेजारी शेजारी मांडा, आणि मागणी आधी कुठल्या गावांत आटली ते बघा.