ख्रिस्ती धर्मसभा आणि एक अक्षर

‘ध’चा ‘मा’ केल्याची कथा महाराष्ट्रांत लहान मुलेंहि जाणतात. एका अक्षराच्या फेरफारानें तरुण पेशव्याचा प्राण गेला, असें ती सांगते. इतिहासाच्या कसोटीस ती कितपत उतरेल हा प्रश्न निराळा; परंतु अक्षराला केवढें मोल असूं शकतें, हें तिनें मराठी मनावर कायमचें ठसविलें आहे. ख्रिस्ती धर्माच्या इतिहासांतहि असेंच एक अक्षर होऊन गेलें. ग्रीक लिपींतील ‘आयोटा’ हें तें अक्षर. दिसावयास ती एक आंखूड उभी रेघ. पण ती एका शब्दांत असावी कीं नसावी, या वादांत चौथ्या शतकांतील साऱ्या ख्रिस्ती जगाची शांति ढळली.

वादाचें मूळ समजण्यासाठीं थोडें मागें गेलें पाहिजे. देव एकच आहे, ही श्रद्धा ख्रिस्ती लोकांस यहुदी परंपरेकडून मिळालेली होती. त्याचबरोबर ते येशू ख्रिस्तास प्रभु म्हणून भजत होते. देव एक, तर मग भजनास पात्र असलेला हा ख्रिस्त कोण? पहिलीं तीन शतकें या प्रश्नाचीं उत्तरें ठिकठिकाणीं निरनिराळीं दिलीं जात होतीं. प्रांतोप्रांतीं लहान सभा भरत. पण रोमन सत्तेकडून वारंवार छळ होत असतां सर्व देशींच्या बिशपांनीं एकत्र जमणें शक्यच नव्हतें. इ. स. ३१३ मध्यें कॉन्स्टंटाईन व लिसिनियस या दोघां सम्राटांनीं ख्रिस्ती धर्मास मोकळीक दिली, आणि ३२४ मध्यें लिसिनियसचा पाडाव करून कॉन्स्टंटाईन साम्राज्याचा एकटा धनी झाला. राज्य एक झालें. परंतु ज्या धर्मास त्यानें आश्रय दिला होता, त्यांतच दुफळी माजलेली त्यास आढळली.

दुफळीचें ठिकाण होतें ईजिप्तमधील अलेक्झांड्रिया नगर. तेथील एरियस नांवाचा वयोवृद्ध धर्मोपदेशक शिकवूं लागला कीं, पिता तेवढा अनादि. पुत्र हा सर्व सृष्टीच्या आधींचा व सर्वांत श्रेष्ठ खरा, पण पित्यानें निर्माण केलेलाच. एरियस तपस्वी वृत्तीचा होता, आणि आपलीं मतें पद्यांत गुंफून त्यानें लोकांच्या तोंडीं घातलीं होतीं. बिशप अलेक्झांडर आणि त्याचा तरुण साहाय्यक अथनेशियस यांचा पक्ष याच्या उलट. पुत्र जर निर्मित असेल, तर त्याची उपासना ही निर्मित वस्तूचीच उपासना ठरेल. आणि एका निर्मितानें दुसऱ्या निर्मितास तारावें तें कसें? वाद शाब्दिक दिसला, तरी त्याच्या मुळाशीं मनुष्याच्या उद्धाराचा प्रश्न होता. कॉन्स्टंटाईनला मात्र तो क्षुल्लक वाटला. दोन्ही पक्षांस पत्र पाठवून त्यानें समेटाचा उपदेश केला. त्याचा उपयोग होईना, तेव्हां त्यानें साम्राज्यांतील बिशपांस आशिया मायनरमधील नायसिया येथें बोलाविलें.

इ. स. ३२५ च्या उन्हाळ्यांत ही सभा भरली. परंपरा बिशपांची संख्या ३१८ सांगते. ती बहुधा अडीचशें ते तीनशेंच्या दरम्यान असावी. प्रवासास सरकारी डाकेचीं वाहनें मिळालीं होतीं. कांहीं वर्षांपूर्वीं ज्यांनीं रोमन तुरुंग पाहिले होते, तेच आतां रोमन सम्राटाचे पाहुणे झाले. सभेनें श्रद्धेचें एक सूत्र तयार केलें आणि पुत्र हा पित्याशीं ‘होमोऊसिऑस’, म्हणजे एकसत्त्व, आहे असें त्यांत म्हटलें. एरियसच्या पक्षास कोणत्याहि अर्थानें स्वीकारतां येऊं नये, असाच हा शब्द होता. अडचण एवढीच कीं, तो बायबलांत कोठेंहि नव्हता. तरी बहुतेक सर्वांनीं मान्यता दिली. लिबियाच्या दोघां बिशपांनीं नकार दिला. त्यांना एरियसबरोबर हद्दपार करण्यांत आलें.

येथें प्रकरण संपावयास हवें होतें. खरें पाहतां तें येथेंच सुरू झालें. भिडेनें मान्यता दिलेल्यांच्या मनांतील शंका गेली नव्हती. सत्त्व एकच म्हटलें, तर पिता व पुत्र हा भेदच उरत नाहीं, असें त्यांना वाटे. थोड्याच वर्षांत वारें फिरलें. एरियसचे कैवारी दरबारांत परतले. ३३७ मध्यें मृत्युशय्येवर असलेल्या कॉन्स्टंटाईनला बाप्तिस्मा दिला, तोहि त्यांच्यांतल्याच एका बिशपानें. अथनेशियस आतां अलेक्झांड्रियाचा बिशप झाला होता. त्याला पांच वेळां हद्दपार व्हावें लागलें, आणि त्याचीं सुमारें १७ वर्षें परागंदा स्थितींत गेलीं. सभेमागून सभा भरत होत्या. ३५८ च्या सुमारास मध्यममार्गी बिशपांनीं तो ‘आयोटा’ पुढें केला: ‘होमोऊसिऑस’ नको, ‘होमॉइऊसिऑस’ म्हणावें, एकसत्त्व नव्हे, सदृशसत्त्व. पुढच्या दोन वर्षांत सम्राट कॉन्स्टँशियसनें ‘सत्त्व’ हा शब्दच गाळून नुसतें ‘सदृश’ म्हणावें, असें सभांकडून ठरवून घेतलें. वाद बिशपांपुरता राहिला नव्हता. निसाचा ग्रेगरी सांगतो कीं, कॉन्स्टँटिनोपलमध्यें भाकरीचा भाव विचारला, तरी दुकानदार पिता मोठा कीं पुत्र मोठा ही चर्चा सुरू करी.

ज्याचें सारें आयुष्य एका शब्दासाठीं झगडण्यांत गेलें, तो अथनेशियस एका अक्षरावर अडून बसेल, असेंच कोणासहि वाटलें असतें. पण त्यानें तसें केलें नाहीं. ज्यांना अर्थ मान्य आहे आणि केवळ शब्दाची धास्ती वाटते, त्यांस शत्रु न मानतां बंधु मानावें, असें त्यानें लिहिलें. ३६२ मध्यें अलेक्झांड्रियास सभा भरवून निरनिराळ्या पक्षांस त्यांच्या शब्दांचा अर्थ विचारण्यांत आला. ‘तीन’ म्हणणारे तीन देव मानीत नाहींत, आणि ‘एक’ म्हणणारे पुत्रास नाहींसा करीत नाहींत, हें त्या प्रश्नोत्तरांतून उघड झालें. सिझरियाचा बेसिल, त्याचा बंधु निसाचा ग्रेगरी आणि स्नेही नाझियान्झसचा ग्रेगरी यांनीं हीच दिशा धरून ‘सत्त्व एक, व्यक्ति तीन’ अशी मांडणी केली. सम्राट थिओडोशियसचें पाठबळ होतें हें खरें. पण मनांची मशागत आधींच झाली होती, म्हणून ३८१ ची कॉन्स्टँटिनोपलची सभा यशस्वी झाली. जगभर चर्चमध्यें आज म्हटला जाणारा नायसियाचा मतांगीकार याच सभेच्या नांवाशीं जोडलेला आहे.

हा शहाणपणा पुढें टिकला नाहीं. ख्रिस्त पूर्ण देव हें ठरलें. पण तो मनुष्यहि होता, तर एकाच व्यक्तींत दोन्ही कसें नांदलें? कॉन्स्टँटिनोपलचा बिशप नेस्टोरियस म्हणाला कीं, मरियेला ‘देवमाता’ म्हणण्यापेक्षां ‘ख्रिस्तमाता’ म्हणणें बरें. अलेक्झांड्रियाच्या सिरिलला यांत ख्रिस्ताचे दोन तुकडे झालेले दिसले. ४३१ मध्यें इफिससला सभा ठरली. सीरियाकडील बिशप अद्यापि वाटेंत होते. त्यांची वाट न पाहतां सिरिलनें २२ जून रोजीं सभा उघडली आणि एकाच दिवसांत नेस्टोरियसला पदच्युत केलें. चार दिवसांनीं सीरियाचे बिशप पोंचले. त्यांनीं वेगळी सभा भरवून सिरिललाच पदच्युत केलें! दोन वर्षांनीं त्यांचा समेट झाला, तो नेस्टोरियसला वगळून. तो ईजिप्तमध्यें हद्दपारींतच मेला.

४५१ मध्यें कॉन्स्टँटिनोपलच्या समोरील किनाऱ्यावर कॅल्सिडॉन येथें पांचशेंहून अधिक बिशप जमले. ख्रिस्त ही एक व्यक्ति, तिच्या ठायीं दोन स्वभाव; त्यांचा संकर नाहीं, पालट नाहीं, फूट नाहीं, ताटातूट नाहीं, असें त्यांनीं ठरविलें. हे चारहि शब्द नकारार्थी आहेत. गूढ उकलण्याऐवजीं सभेनें त्याच्याभोंवतीं कुंपण घातलें. पण कित्येक लोक त्या कुंपणाबाहेर राहिले. ईजिप्तचे कॉप्ट, सीरियाचे बरेच ख्रिस्ती आणि पुढें आर्मेनियाचे लोक यांना ‘दोन स्वभाव’ या शब्दांत नेस्टोरियसच दिसला. उलट, इराणी राज्यांतील पूर्वेकडील चर्चनें नेस्टोरियसला गुरु म्हणून मान दिला.

या पूर्वेकडील चर्चमुळेंच त्या दूरच्या वादाची झळ भारतालाहि लागली. केरळांतील थॉमस-ख्रिस्ती समाजाची उपासना सुरियानी भाषेंत चाले, आणि त्याचे बिशप मेसोपोटेमियाहून येत. १५९९ मध्यें गोव्याचे आर्चबिशप मेनेझिश यांनीं कोचीनजवळ उदयंपेरूर येथें सभा भरवून या समाजास नेस्टोरियसचा धिक्कार करावयास लाविलें. त्याचे सुरियानी ग्रंथ सुधारावे वा जाळावे, असा हुकूम झाला. ज्याला मरून अकराशें वर्षें झालीं, त्या माणसाच्या नांवासाठीं केरळांत पोथ्या जळाल्या. १६५३ मध्यें मट्टंचेरी येथें त्या समाजानें परकी धर्मसत्तेविरुद्ध शपथ घेतली, आणि पुढें त्याचे दोन भाग झाले.

११ नोव्हेंबर १९९४ रोजीं पोप जॉन पॉल दुसरे आणि पूर्वेकडील चर्चचे प्रमुख मार दिन्खा चौथे यांनीं रोम येथें एका जाहीरनाम्यावर सह्या केल्या. एक चर्च मरियेला ‘देवमाता’ म्हणतें, दुसरें ‘ख्रिस्तमाता’ म्हणतें. दोन्ही शब्द एकाच श्रद्धेचे आहेत, असें त्यांत मान्य करण्यांत आलें. इफिससच्या सभेस तेव्हां १५६३ वर्षें झालीं होतीं. या शब्दानें तुम्हांस काय म्हणावयाचें आहे, हा साधा प्रश्न अलेक्झांड्रियाच्या सभेंत ३६२ सालींच विचारला गेला होता. इफिससला तो विचारावयाचा राहून गेला.